लामण कुठून उगवतो? कल्पित ताऱ्याविषयी वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात आम्ही अद्भुतकथा लिहिणाऱ्यांसाठी एक किनारा आणि एक तारा दिला होता. किनारा सातखाडीचा: पश्चिमेला समुद्र, पूर्वेला घाट, अक्षांश रत्नागिरीचा, पाऊसही तिथल्यासारखाच. ताऱ्याचं नाव लामण: ठळक, पिवळसर, दक्षिणेला लामणदिव्यासारखा टांगलेला. बाकी सगळं वाचकांवर सोडलं होतं. दिवाळी अंकांसाठी कथा लिहायला बसलेल्यांकडून बरेच प्रश्न आले. सारख्या आशयाचे प्रश्न एकत्र करून त्यांतल्या काहींची उत्तरं इथे देत आहोत.

‘लामण समुद्रातून वर आला’ या वाक्यानं माझी कथा सुरू होते. मित्र म्हणतो, हे चूक आहे. कल्पित जगात चूक कशी होईल? (रत्नागिरी)

मित्राचं बरोबर आहे. सातखाडीला समुद्र पश्चिमेला आहे आणि तारे पूर्वेकडून येतात. लामण घाटामागून वर येणार आणि समुद्रात मावळणार. तुमचं जग उलटं फिरतं असं ठरवलंत तर वाक्य वाचेल, पण मग सूर्यही रोज समुद्रातून उगवेल आणि घाटामागे मावळेल. तेवढी उलथापालथ एका वाक्यासाठी कशाला?

त्यापेक्षा घाट कामाला लावा. लामण दक्षिणेचा तारा असल्यामुळे सरळ वर चढत नाही. आग्नेयेच्याही थोडा दक्षिणेकडून निघून तो तिरपा सरकतो. उगवताना त्याची उंची तासाला जेमतेम ८ अंश वाढते. घाटाची कड क्षितिजापासून ४ अंश वर असेल, तर डोंगराच्या पायथ्याच्या गावाला तो अर्धा तास उशिरा दिसेल. खोल समुद्रातल्या होडीवरून घाट बुटका दिसतो, म्हणून खलाशाला तो आधी दिसतो. वर्षातलं पहिलं दर्शन कुणाचं, होडीवरच्यांचं की देवळाच्या पायरीवरच्यांचं? भांडणाला एवढं कारण पुरेसं आहे.

लामण आकाशात नेमका कुठे ठेवावा? तो वर्षभर दिसतो असं लिहिलं तर चालेल का? (मालवण)

वर्षभर नको. रत्नागिरीच्या अक्षांशावर, म्हणजे १७ अंश उत्तरेला, कधीच न मावळणारे तारे फक्त ध्रुवाभोवतीच्या १७ अंशांत असतात आणि तेही उत्तरेला. दक्षिणेचा तारा उगवणार, मावळणार आणि वर्षातले काही आठवडे सूर्याच्या उजेडात हरवणार. कथेसाठी हे हरवणंच मोलाचं.

जागा ठरवायला साधी वजाबाकी आहे. ९० मधून अक्षांश वजा करा, मग ताऱ्याची दक्षिण क्रांती, म्हणजे खगोलीय विषुववृत्तापासून तो किती अंश दक्षिणेला आहे तो आकडा, वजा करा. उरेल ती त्याची जास्तीत जास्त उंची. क्रांती ५३ अंश धरली तर लामण २० अंश चढतो आणि रात्री पावणेनऊ तास क्षितिजावर राहतो. ६० धरली तर उंची १३ अंश आणि वेळ पावणेआठ तास. ७० धरली तर उंची ३ अंश आणि वेळ साडेचार तासांहून कमी. तेवढ्या खाली खारट धुरकटपणात ठळक ताराही तीनेक प्रतींनी, म्हणजे तेजाच्या तीनेक पायऱ्यांनी, फिका पडतो. तो दिसतो म्हणणारे आणि नाही म्हणणारे असे दोन पक्ष गावात होतील.

आमची शिफारस ५३ची, कारण या जागेला खराखुरा शेजारी आहे: अगस्त्य. व्याधाखालोखाल आकाशातला सगळ्यांत तेजस्वी तारा, क्रांती दक्षिण ५२.७ अंश. कोकणातून तो फेब्रुवारीत रात्री नऊच्या सुमारास दक्षिणेला ऐन उंचीवर असतो. तारा रोज ४ मिनिटं लवकर येतो, महिन्यात २ तास. त्यामुळे मार्चच्या शेवटी तीच जागा सातलाच गाठलेली असते. मेच्या मध्यापर्यंत तो संधिप्रकाशात नैर्ऋत्येच्या बाजूला समुद्रात शिरतो आणि दिसेनासा होतो. ऑगस्टमध्ये पहाटे पुन्हा उगवायला लागतो. ऑगस्टअखेर पहाटे साडेपाचला तो हात लांब करून धरलेल्या एका मुठीएवढा, म्हणजे १० अंश वर असतो. सप्टेंबरअखेर त्याच वेळी जवळजवळ पूर्ण चढलेला.

आता हे आपल्या मासेमारीच्या वर्षाशेजारी ठेवून पाहा. महाराष्ट्रात यांत्रिक मासेमारीला १ जून ते ३१ जुलै बंदी असते. तारा जातो तेव्हा आगोटीची, म्हणजे पावसाळ्याआधीची, बेगमी चाललेली असते, होड्या वर ओढायची वेळ जवळ आलेली असते. तारा परततो तेव्हा दर्या पुन्हा खुला होत असतो. अगस्त्याच्या उदयानं गढूळ पाणी निवळतं अशी आपली जुनी समजूत आहे, समुद्र प्राशन केल्याची कथाही त्याच ऋषीची. सातखाडीच्या लोकांनी असंच काहीतरी रचलं असणार. फक्त ते आपल्या कथेची नक्कल नको.

एक अडचण मात्र लक्षात ठेवा. गणितानं तारा ऑगस्टमध्ये उगवला तरी आभाळ भरलेलं असतं. प्रत्यक्ष दर्शन कधी पंधरा दिवस, कधी महिना लांबतं. पंचांगातला उदय आणि डोळ्यांना झालेला उदय हे सातखाडीत दोन वेगळे शब्द असले पाहिजेत.

धर्ममतांचं भांडण हवं असेल तर दुसरा, क्षीण तारा ७० अंशांवर ठेवा. रेडीच्या अक्षांशावर तो ४ अंश वर येईल, डहाणूच्या अक्षांशावर क्षितिजालाच टेकेल. उत्तरेकडच्या बंदरांना दक्षिणेकडच्यांचा देव म्हणजे थाप वाटेल, आणि दोघंही खरं बोलत असतील.

माझ्या कथेत लामण उगवला की भरती येते. कोळी त्यावरून होड्या सोडतात. (हर्णै)

आठवड्यात उघडं पडेल. तारा रोज ४ मिनिटं लवकर उगवतो, भरती रोज सुमारे ५० मिनिटं उशिरा येते. आज दोन्ही एकाच वेळी झाले, तर सात दिवसांनी तारा २८ मिनिटं आधी आणि भरती पावणेसहा तास नंतर. म्हणजे तारा उगवेल तेव्हा ओहोटी लागलेली असेल आणि होडी चिखलात बसेल. कोळ्याच्या पोराला हे कुणी शिकवावं लागत नाही.

भरती चंद्राची. कोकणातला ढोबळ हिशेब तिथीच्या पाऊणपटीचा: चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या सुमारास भरती, बंदरागणिक अर्धा-पाऊण तास पुढेमागे. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे कमी जोराची भरती-ओहोटी. सूर्याचा भरतीवरचा जोर चंद्राच्या निम्म्याहून कमी, आणि तारा इतका दूर की त्याचा जोर धरायलाच नको. लामण हंगाम सांगेल, पाण्याची वेळ चंद्रच सांगेल. तांडेलाच्या, म्हणजे होडी चालवणाऱ्या प्रमुखाच्या, तोंडी दोन्ही एकत्र घाला: ‘लामण घाटावर, चंद्र चवथीचा, तीनला सोडू.’ हे वाक्य वाचून तुमच्या गावातला माणूस मान डोलावेल.

देवळातला पुजारी मात्र भरती लामणच आणतो असं सांगू शकतो. त्याला रोज होडी सोडायची नसते.

लामणाचा सण तिथीला ठेवावा की तो उगवेल त्या दिवशी? (अलिबाग)

दोन्ही ठेवा आणि दोघांत वाद लावा. चांद्र वर्ष ३५४ दिवसांचं, सौर वर्षापेक्षा ११ दिवसांनी तोकडं. ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना येऊन ते पुन्हा जुळतं. म्हणजे तारा दरवर्षी साधारण त्याच सौर तारखेला आला, तरी तिथी त्याच्या मागेपुढे जवळजवळ महिनाभर हलत राहणार. आपल्याकडेही मृग सूर्यावर चालतो, जूनच्या ७-८ तारखेला लागतो. नारळी पौर्णिमा चंद्रावर. एकाच पंचांगात दोघं सुखानं नांदतात, कारण एक शेतकऱ्याचा आणि दुसरी दर्यावरच्या माणसाची, एकमेकांच्या अंगणात येत नाहीत. सातखाडीत एकाच सणावर दोघांचा दावा असेल तर नांदणार नाहीत.

ढगांसाठी नियम हवा. एक सुचवतो: लामण शेवटचा दिसला त्या संध्याकाळपासून ९० पहाटा मोजायच्या, त्यानंतर सलग तीन पहाटा ढग असले तर तारा न दिसताही उदय झाला असं धरायचं. यात बिघडतं ते सुरुवातीलाच. शेवटचं दर्शन कधी झालं यावरच एकमत नसतं, कारण मेमध्येही क्षितिजावर ढगांची भिंत असते. एका बंदरानं चार दिवस आधी मोजायला सुरुवात केली की सण चार दिवस आधी.

काही जणांनी हजार वर्षांपूर्वीचा ताम्रपट घातला आहे. त्यातली उदयाची तारीख आजच्याशी तंतोतंत जुळवू नका. परांचन गतीमुळे, म्हणजे पृथ्वीचा अक्ष हळूहळू डोलत असल्यामुळे, मृगासारखी सूर्यनक्षत्रं ऋतूंच्या मानानं सुमारे ७१ वर्षांत एक दिवस पुढे सरकतात. लामण क्रांतिवृत्तापासून, म्हणजे सूर्याच्या आकाशातल्या वाटेपासून, फार दूर असल्यानं त्याची चाल मंद. हजार वर्षांत त्याचा उदय सहाएक दिवसांनी पुढे जाईल. म्हणजे ताम्रपटात तो सहा दिवस आधीचा असेल. पट बनावट आहे हे याच सहा दिवसांवरून ओळखणारं पात्र घालता येईल.

लामण हिरवा असला तर? (वेंगुर्ले)

डोळ्यांना हिरवा दिसणारा एकटा तारा नसतो. थंड तारे तांबूस, मग पिवळे, पांढरे आणि फार तापलेले निळसर. मधल्या तापमानाच्या ताऱ्याच्या प्रकाशात हिरवा असतोच, पण सगळे रंग मिसळून तो पांढरा किंवा पिवळसर दिसतो. मात्र क्षितिजालगत हवेमुळे ठळक तारा क्षणात लाल, क्षणात हिरवा, क्षणात निळा लुकलुकतो. मावळताना तो हिरवा चमकलेला पाहणं हा शकुन ठरवा. मग तो अपशकुन ठरवायचा की शुभ, ते तुमच्या म्हातारीवर सोपवा.

मी लामणाचं मंदिर, भविष्यवाणी आणि ताऱ्याखाली जन्मलेला मुलगा असं सगळं घातलं आहे, तरी लोकांचा तारा वाटत नाही. काय कमी पडतं? (गुहागर)

उधारी. आणि रोजच्या बोलण्यातले शब्द.

आधी नाव. ‘तेजोमणी’, ‘दक्षिणनिधी’ अशी नावं आलेल्या कथांत बरीच दिसली. ती पोथीत शोभतील, पण होडीवर लोक वस्तूवरून नाव ठेवतात. मृगाच्या पोटातल्या तीन ताऱ्यांना तिकांडं म्हणतात, पहाटेच्या शुक्राला शुक्राची चांदणी. लामण हे नाव घेतलंत तर दिव्याची भाषाही सगळी घ्या. आपल्याकडे दिवा ‘विझला’ म्हणत नाहीत, ‘मालवला’ किंवा ‘निवला’ म्हणतात. होडीवर ‘बुडाला’ हा शब्दही नको. म्हणून सातखाडीत तारा बुडत नाही, निवतो. तो दिसत नाही त्या तीन महिन्यांना ‘निवण’ म्हणू द्या. निवणीत जन्मलेल्या पोराला सगळे आयुष्यभर निवण्या म्हणतील, त्याचं खरं नाव लग्नपत्रिकेतच कळेल. तुमच्या ताऱ्याखाली जन्मलेल्या मुलापेक्षा हा निवण्या गोष्टीत जास्त काम करील.

मग पैसा. नाखव्याकडून, म्हणजे होडीच्या मालकाकडून, खलाशी उचल (आगाऊ पैसे) घेतो. ती लामण निवायच्या आत फेडायची, नवी उचल तो दिसल्यावर मिळणार. आता ढग आले. खलाशी म्हणतो तारा दिसला, उचल दे. नाखवा म्हणतो मला नाही दिसला. साक्षीला कोण? ज्यानं पाहिला तो त्याच नाखव्याचा देणेकरी. देऊळ याच वेळी महत्त्वाचं होतं, कारण उदय झाल्याची घंटा तिथे वाजते आणि घंटा वाजली की पैसे मोजावे लागतात. घंटा उशिरा वाजावी म्हणून कुणीतरी पुजाऱ्याच्या घरी नारळाची पोती पाठवणारच. इतकं आलं की भविष्यवाणी काढून टाकलीत तरी चालेल.

मग स्वयंपाकघर. निवणीत सुकट-बोंबलावर दिवस काढायचे. उदयाच्या आदल्या रात्री डब्याच्या तळाची उरलेली सुकट परतून संपवायची, कारण ताज्या मासळीच्या घरात जुनी ठेवणं म्हणजे लामणावर अविश्वास. हावरट घर एक मूठ लपवून ठेवतं. वास लपत नाही.

आणि गाऱ्हाणं, म्हणजे सगळ्यांच्या वतीनं देवाला घातलेलं साकडं. तारा निवताना किनाऱ्यावर घालायचं, मालवणी बोलीत. नमुना:

‘बा लामणा म्हाराजा, आज तू निवतलंस. तुज्या माघारी होडयो वयर ओढलेल्यो आसत, जाळी माळ्यार आसत, तेंका उंदीर लागाक देऊ नको. कोणाची उचल रवली आसात, तर तेका बुद्धी दी. परत येतलंस तेव्हा ही सगळी लेकरां अशीच उभी आसांदेत.’
‘होय म्हाराजा!’

गाऱ्हाण्यात भव्य काही मागत नाहीत. उंदीर, ताप, थकलेली उचल, भांडखोर शेजारी एवढंच. ‘जगाला अंधारातून वाचव’ असं कुणी म्हटलं तर मागे उभी असलेली माणसं ‘होय म्हाराजा’ म्हणायला चाचरतील.

बाराव्या प्रकरणात लामण एका रात्रीत नाहीसा होतो. (श्रीवर्धन)

मोठा तारा मरतो तेव्हा आधी भडकतो. १०५४ साली वृषभ राशीत जो तारा असा दिसला, तो चिनी नोंदींनुसार २३ दिवस भरदिवसा दिसत होता आणि रात्री तर जवळजवळ दोन वर्षं. म्हणून लामण मरणार असेल तर आधी काही आठवडे माणसांच्या सावल्या पाडू द्या, मग हळूहळू ओसरू द्या. नुसता फिका करायचा असेल तर मृगातला काक्षी (बेटेलज्यूस) तारा पाहा: २०१९च्या अखेरीपासून २०२०च्या फेब्रुवारीपर्यंत तो नुसत्या डोळ्यांना कळेल इतका मंदावला आणि नंतर सावरला. फिकेपणा कळतो तो शेजाऱ्यांशी ताडून. रोज त्याच उंचीवर असताना, एक किंचित ठळक आणि एक किंचित फिका असे दोन तारे धरून तुलना करायची. आज क्षितिजाजवळ आणि उद्या माथ्याशी पाहिलं तर हवेचाच फरक ताऱ्याच्या नावावर खपतो. तुमच्या कथेतला ज्योतिषी नेमका इथे चुकतो असं केलंत तर बरं.

तांडेल लामणाची उंची कशानं मोजेल? त्याचा होडीला उपयोग काय? (देवगड)

अरबी समुद्रावरच्या नावाड्यांकडे कमाल नावाची फळी असे: चौकोनी लाकडी फळी, मधोमध भोक, त्यातून ओवलेली गाठींची दोरी. गाठ दातांत धरायची, दोरी ताणून फळी समोर धरायची. खालची कड क्षितिजाला, वरची ताऱ्याला टेकली की ती गाठ म्हणजे ताऱ्याची उंची. ते प्रामुख्यानं ध्रुव मोजत. सातखाडीवाले लामण मोजतील.

फळी २० सेंटिमीटर उंचीची घ्या. डोळ्यापासून ५७ सेंटिमीटरवर ती २० अंश झाकते. ५४ वर २१ अंश, ६० वर १९, ६३ वर १८. म्हणजे गाठी तीन-तीन सेंटिमीटरवर. उत्तरेला एक अंश, सुमारे १११ किलोमीटर गेलं की लामण एक अंश खाली येतो. मालवणच्या अक्षांशाला ५४ची गाठ, रत्नागिरीला ५७ची, श्रीवर्धनला ६०ची, मुंबईला ६३ची. प्रत्येक बंदराची एक गाठ. बंदरांची नावंच गाठींवरून पडली असं लिहायला हरकत नाही.

मोजायचं ते तारा ऐन दक्षिणेला, सर्वांत उंच असताना. तिथे पंधरा मिनिटं चुकली तरी अंशाच्या दहाव्या हिश्श्याहून कमी फरक पडतो. उगवताना मोजलं तर हिशेबच फुकट. क्षितिज दिसायला हवं, म्हणून चांदणी रात्र किंवा संधिप्रकाश. अमावास्येच्या मध्यरात्री क्षितिज कुठे संपतं हेच कळत नाही. खाडीच्या तोंडाशी मोजू नका, दक्षिणेला भूशिर आडवं आलं की खालची कड त्यावर टेकते आणि उंची कमी भरते.

सगळ्यांत मोठा घोळ दोरीचा. सुती दोरी भिजली की आखडते. ती १ सेंटिमीटरनं आखडली तरी एक तृतीयांश अंशाची, म्हणजे ३७ किलोमीटरची चूक होते. गाठ आपल्या बंदराचीच लागते, पण फळी डोळ्याजवळ आलेली असल्यामुळे तारा प्रत्यक्षात जास्त वर असतो, म्हणजे होडी अजून दक्षिणेलाच असते. दक्षिणेकडून घरी येणारा तांडेल आपली खाडी आली समजून वळतो आणि आधीच्याच एखाद्या खाडीच्या खडकांवर जातो. म्हणून शहाणा तांडेल दोरीला मेण लावतो, मोजायच्या आधी ती फळीच्याच उंचीशी ताडून पाहतो आणि खलाशाला ती कधीच पाण्याच्या पिंपाजवळ टांगू देत नाही.